जखम दाखवण्याआधी विचारा



गेल्या पावसाळ्यात आमच्या अभ्यासवर्गात एक प्रकार घडला. त्यावर लिहावे की नाही याचा आम्ही बरेच दिवस विचार करत होतो, कारण चूक आमची होती. शेवटी जिच्या बाबतीत तो घडला तीच म्हणाली, "लिहा, पण माझं नाव आणि गाव नको." म्हणून हा लेख.

विषय होता ॲट्रॉसिटी कायदा. विहाराच्या सभागृहात तीसेक मुले-मुली बसली होती. कायद्याची कलमे सांगण्याआधी 'वातावरण तयार व्हावे' म्हणून आम्ही प्रोजेक्टरवर एक व्हिडिओ लावला. व्हॉट्सॲपवर फिरत आलेला, एका पोराला मारहाण होतानाचा. दीड मिनिटाचा असेल. तो संपायच्या आत दुसऱ्या ओळीतली एक मुलगी उठून बाहेर गेली. कुणीतरी मागे गेले, तर ती पाण्याच्या टाकीला टेकून उभी होती. हात बर्फासारखे गार, ओठ कोरडे. आपण कुठे आहोत हे तिला धड सांगता येईना. आत एक ज्येष्ठ कार्यकर्ते म्हणाले, "एवढ्यानं घाबरली तर मोर्चात काय करणार? कार्यकर्त्याचं काळीज दगडाचं पाहिजे." काही जण हसले. आम्ही हसलो नाही, पण काही बोललोही नाही.

चार दिवसांनी तिने सांगितले ते ऐकून आम्ही खजील झालो. तिला मारहाणीच्या दृश्याने काही झालेच नव्हते. व्हिडिओच्या सुरुवातीला दोन-तीन मोटारसायकलींचा आवाज आहे, तिला तो आवाज सहन झाला नाही. ती चौथीत असताना गावात जयंतीच्या मिरवणुकीच्या रस्त्यावरून वाद झाला होता. त्यानंतर तीन रात्री गावातली पोरे सायलेन्सर काढलेल्या गाड्या घेऊन वस्तीभोवती घिरट्या घालत होती. आईने तिला ज्वारीची पोती आणि भिंत यांच्या सांदीत बसवले आणि आवाज करू नको म्हणून तोंडावर हात ठेवला. कुणाला मारले नाही, घर जाळले नाही, पोलिसात नोंद नाही. 'कुणाला काही झालंच नाही' म्हणून घरातही तो विषय पुन्हा कधी निघाला नाही. पण आज मुंबईत राहूनही रात्री अशी गाडी रस्त्यावरून गेली की तिचे हात गार पडतात. रेशनच्या दुकानात ज्वारीच्या पोत्यांचा वास आला तरी तसेच होते. इतकी वर्षे तिला वाटत होते की आपल्या डोक्यात काहीतरी बिघाड आहे.

बिघाड काही नाही. आजकाल याला 'ट्रिगर' म्हणतात. ट्रिगर म्हणजे बंदुकीचा घोडा. बोट जरासे दाबते आणि आत आधीपासून भरलेली गोळी सुटते. आपल्या आज्यांकडे यासाठी आधीपासून शब्द होता: धसका. 'पोरीनं धसका घेतलाय' असे त्या म्हणत, आणि कशाचा घेतलाय हे त्यांना बरोबर ठाऊक असे. इंग्रजी शब्द आला म्हणून हे दुखणे नवे होत नाही. शहरी, सुखवस्तू लोकांचे फॅड आहे असे म्हणणाऱ्यांनी तर हे आधी ध्यानात घ्यावे.

हे शरीरात कसे घडते ते थोडक्यात सांगतो, कारण ते कळले की निम्मी लाज गळून पडते. मेंदूत बदामाच्या आकाराचा एक भाग आहे, त्याला ॲमिग्डाला म्हणतात. धोका हेरणे हे त्याचे काम. त्याला थोडासा संशय आला तरी तो विचार करत बसत नाही, लगेच भोंगा वाजवतो. छाती धडधडते, श्वास वर चढतो, स्नायू ताठ होतात. माणूस लढतो, पळतो किंवा जागच्या जागी थिजतो. दुसरा भाग हिपोकॅम्पस. कोणती गोष्ट कुठे घडली, केव्हा घडली, आधी काय आणि नंतर काय, हे लावून ठेवण्यात त्याचा मोठा वाटा असतो. जिवावरच्या भीतीत हे लावून ठेवण्याचे काम नीट होत नाही. त्यामुळे ती आठवण इतर आठवणींसारखी तारीख-वार घालून साठत नाही. तुकड्यातुकड्यांत पडून राहते: एक आवाज, एक वास, अंगाची एक अवस्था. पुढे त्यातला एखादा तुकडा समोर आला की मेंदूला 'हे तेव्हाचे' असे वाटत नाही, 'हे आत्ता चालू आहे' असे वाटते. हात आधी गार पडतात. का पडले हे नंतर कळते, कधी कधी कळतही नाही.

यातून कोर्टात काय होते ते पाहा. अत्याचार सोसलेली बाई साक्ष द्यायला उभी राहते. तिला एका हल्लेखोराच्या हातातले कडे लख्ख आठवते, पण आधी कोण आला आणि नंतर कोण, हे सांगताना ती अडखळते. आरोपीचा वकील उठतो आणि म्हणतो, साक्षीदार खोटे बोलते आहे. आपल्या कार्यकर्त्यांपैकीही काहींना मनातून तसेच वाटते. तुकड्यांत सांगितलेली हकिगत म्हणजे बनाव, असे धरून चालणाऱ्या कुणालाही भीतीत आठवण कशी साठते हे माहीत नसते. ॲट्रॉसिटीच्या खटल्यांत काम करणाऱ्या आपल्या तरुण वकिलांनी निदान एवढे तरी शिकून घ्यायला हवे.

आता दगडाच्या काळजाविषयी. ज्यांना आपल्या चळवळीत अश्रूंचे वावडे आहे त्यांनी बाबासाहेबांचे 'वेटिंग फॉर अ व्हिसा' उघडून बडोद्याचा प्रसंग पुन्हा वाचावा. १९१७ साल. परदेशातून उच्च शिक्षण घेऊन आलेला, संस्थानच्या नोकरीत रुजू झालेला तरुण बडोद्यात राहायला जागा मिळेना म्हणून पारशी नाव सांगून पारशांच्या धर्मशाळेत राहतो. अकराव्या दिवशी डझनभर पारशी हातात काठ्या घेऊन दाराशी येतात आणि संध्याकाळपर्यंत खोली सोड म्हणून बजावतात. हे लिहिताना बाबासाहेब स्वतः नमूद करतात की अठरा वर्षे उलटली तरी ते दृश्य पुसट झालेले नाही आणि ते आठवले की डोळ्यांत पाणी आल्याशिवाय राहत नाही. मधल्या अठरा वर्षांत काय काय घडले होते? महाडचा सत्याग्रह झाला होता, काळाराम मंदिराचा झाला होता, गोलमेज परिषदा झाल्या होत्या. एवढे सगळे करून उभा असलेला माणूस सांगतो की काठ्या घेतलेली ती माणसे आजही माझ्या डोळ्यांसमोर जशीच्या तशी उभी राहतात. मग आमच्या दुसऱ्या ओळीतल्या मुलीला हसणारे आपण कोण?

त्या लिखाणात आणखी एक गोष्ट आहे. त्याच पुस्तकात १९०१ सालचा कोरेगावचा प्रवास आहे. वडिलांना भेटायला निघालेली पोरे, मसूर स्टेशन, दुप्पट भाडे घेऊनही स्वतः गाडी हाकायला तयार नसलेला गाडीवान, आणि रात्रभर न मिळालेले पाणी. नऊ वर्षांच्या पोराच्या मनावर उमटलेला तो घाव बाबासाहेब किती बारकाईने, किती क्रमाने मांडतात पाहा. कुठे उतरलो, कोण काय म्हणाले, किती पैसे ठरले. मनात तुकड्यांनी पडलेल्या आठवणीला त्यांनी ठिकाण दिले, साल दिले, आधी आणि नंतर दिले. आज मानसोपचारतज्ज्ञ आघाताच्या आठवणींवर जे काम करतात त्यातला मोठा भाग हाच असतो. आणि हे त्यांनी घटनेच्या दुसऱ्या दिवशी कुणाच्या माईकसमोर केलेले नाही. कित्येक वर्षांनी, स्वतःच्या हाताने, स्वतःच्या शब्दांत केले. त्यांच्या हयातीत ते पुस्तकरूपाने आलेही नाही. पीपल्स एज्युकेशन सोसायटीने ते १९९० साली छापले.

इथे मानसशास्त्राशीही आमचा एक वाद आहे. आघातानंतरच्या या विकाराला अमेरिकी मनोविकारतज्ज्ञांच्या अधिकृत यादीत १९८० साली जागा मिळाली. व्हिएतनाममधून परतलेल्या सैनिकांनी आणि त्यांच्या बाजूने उभ्या राहिलेल्या डॉक्टरांनी त्यासाठी झगडा केला होता. म्हणजे हे निदानसुद्धा चळवळीतूनच आले आहे. त्याच्या नावातच 'नंतर' हा शब्द आहे. सैनिक युद्धावरून घरी आला, युद्ध मागे राहिले, पण शरीराला ते कळत नाही, अशी त्यामागची कल्पना. आमचा प्रश्न असा, की आपल्या बाबतीत हे 'नंतर' सुरू कधी होते? ज्या गावात वस्तीवर दगड पडले त्याच गावात, त्याच लोकांच्या शेतावर दुसऱ्या दिवशी मजुरीला जायचे असते. १ जानेवारी २०१८ ला भीमा कोरेगाव परिसरात हल्ला झाला, ३ तारखेला महाराष्ट्र बंद झाला, आणि पुढचे कितीतरी दिवस पोलीस आपल्याच वस्त्यांत शिरून पोरे उचलत होते. त्यावेळी बारावीत असलेला आमचा एक मित्र पुढे समुपदेशकाकडे गेला. पोलीस गाडीचा सायरन ऐकला की त्याला घाम फुटायचा. समुपदेशक चांगला माणूस होता. तो म्हणाला, "आता तू सुरक्षित आहेस, हे स्वतःला सांग." मित्राने विचारले, "आणि नसलो तर?"

या प्रश्नाला बगल देऊन आपल्या पोरांना कुणी मदत करू शकणार नाही. आम्हाला सुचलेले उत्तर असे आहे. भोंगा वाजला की पहिला प्रश्न: आत्ता, या क्षणी, इथे धोका आहे का? रस्त्यावरून रुग्णवाहिका गेली आणि छाती धडधडली, तर तो जुना भोंगा. तिथे शरीराला समजवायचे असते. पण रात्री दोन वाजता खरोखर वस्तीत गाडी आली असेल, वर्गात खरोखर कुणी जातीवरून बोलत असेल, गावातली पोरे खरोखर दाराशी उभी असतील, तर तो भोंगा खरा आहे. तिथे डोळे मिटून श्वास मोजत बसायचे नाही. तिथून निघायचे, माणसे गोळा करायची, वकिलाला फोन करायचा, तक्रार लिहायची. खऱ्या भोंग्याला आजार म्हणणे हा पीडितावरच दुसरा अन्याय आहे. आणि जुन्या भोंग्याला खरा समजून आयुष्यभर पळत राहिलो, तर ज्यांनी तो धसका दिला त्यांचे काम आपण फुकटात पुढे चालवतो. दोन्हींतला फरक ओळखता येणे ही शिकण्याची गोष्ट आहे. ती एकट्याने शिकणे फार अवघड जाते.

कॉलेजातल्या मुलांना हा फरक ओळखणे सर्वांत कठीण जाते, कारण तिथे काठी दिसत नाही. 'आडनाव काय?', 'कितवी रँक?', 'कोणत्या कोट्यातून?' असले प्रश्न कधी साधे असतात, कधी नसतात. रोहित वेमुला (१७ जानेवारी २०१६) आणि डॉ. पायल तडवी (मे २०१९) यांच्यानंतर तर प्रत्येक पोराला वाटते की पुढचा नंबर आपला. अशा वेळी प्रत्येक टोमणा स्वतःशीच घोळवत बसण्यापेक्षा तारीख, वेळ, शब्द आणि साक्षीदार वहीत लिहून ठेवा. त्या नोंदीचा तक्रारीलाही उपयोग होतो आणि मनालाही. महिन्याने वही वाचली की कुठे आपला जुना धसका बोलत होता आणि कुठे समोरचा माणूस खरेच जातीने बोलत होता, हे बरेचसे दिसू लागते.

जुना भोंगा वाजला तर काय करायचे, यातले काही आम्ही शिकलो आहोत. पाय जमिनीवर घट्ट दाबा, चप्पल काढून फरशीचा गारवा जाणवू द्या. आजूबाजूला दिसणाऱ्या पाच वस्तूंची नावे मोठ्याने घ्या, मग ऐकू येणारे आवाज मोजा. चेहऱ्यावर गार पाणी मारा. श्वास चार मोजून आत घ्या आणि सहा मोजून सोडा. सोडताना वेळ जास्त लागला की हृदयाची गती उतरते. हे ऐकायला पोरकट वाटते, पण 'आत्ता' आणि 'इथे' या दोन गोष्टी मेंदूला शब्दांपेक्षा पायांतून लवकर कळतात.

आपल्यातले बरेच जण यावर म्हणतील, आनापानसती करा, विपश्यनेला जा. धम्माचा मार्ग आहे, आम्हाला त्याविषयी आदर आहे. पण आघात सोसलेल्या काही माणसांना डोळे मिटून शांत बसले की तेच दृश्य आणखी जोरात समोर येते. त्यांचा निश्चय कमी पडतो असे समजू नका. त्यांनी डोळे उघडे ठेवून, चालत, कुणाच्या सोबतीने सुरुवात करावी. दहा दिवसांच्या मौनाच्या शिबिरात एकदम जाण्याआधी डॉक्टरशी बोलावे आणि शिबिराच्या फॉर्ममध्ये काही लपवू नये. धम्म सांगतो, स्वतः अनुभवून पाहा. अनुभव वाईट येत असेल तर तोही अनुभवच.

सोबत असणाऱ्याने काय करावे, हे तर आम्ही त्या दिवशी अगदीच चुकलो होतो. तिच्याभोवती सात-आठ जणांनी गराडा घातला, एकाने खांद्यावर हात ठेवला, दुसरी विचारत होती, "काय झालं, सांग ना." गराडा घालू नका. न विचारता हात लावू नका, कारण तो हात तिला कुणाचा वाटेल हे तुम्हाला माहीत नाही. गोष्ट सांगायला लावू नका. एकाच माणसाने जवळ थांबावे आणि हळू आवाजात सांगावे: तू अमुक ठिकाणी आहेस, आज मंगळवार आहे, मी इथेच आहे. बाकीच्यांनी आत जाऊन कार्यक्रम पुढे चालवावा.

टाळण्याविषयीही थोडे बोलायला हवे, कारण आपल्या घरांत सर्वाधिक वापरला जाणारा उपाय तोच आहे. ज्या रस्त्याने धसका बसला तो रस्ता सोडायचा. मग तो बाजार सोडायचा, मग ते गाव. तात्पुरते बरे वाटते, पण जग दरवर्षी थोडे लहान होत जाते. मराठवाड्यात आम्ही अशी घरे पाहिली आहेत. २७ जुलै १९७८ ला विधिमंडळात नामांतराचा ठराव झाला आणि त्यानंतर दलित वस्त्यांवर जे हल्ले झाले त्यांविषयी म्हाताऱ्या माणसांनी पोरांना एक शब्द सांगितला नाही. पण दिवेलागणीनंतर दार उघडे ठेवायचे नाही, गावातल्या माणसाशी वर मान करून बोलायचे नाही, हे मात्र शिकवले. पोरांना भीती मिळाली, तिची गोष्ट मिळाली नाही. दारूचाही यात मोठा हात आहे. वस्तीतल्या दारुड्याला शिव्या घालण्याआधी तो रात्री नेमके काय विसरायला बसतो, हे कधी कुणी विचारले आहे का? दारूचे समर्थन आम्ही करत नाही. ती धसका पुसत नाही, वर घर पुसून टाकते.

टाळण्यावर उपाय म्हणजे एकदम भिडणेही नव्हे. थोडे थोडे, सोबतीने, आपल्या ठरलेल्या वेळी परत जायचे. यासाठी प्रशिक्षित माणसाची मदत मिळाली तर फारच चांगले. आघातावर केंद्रित असलेले उपचार आहेत आणि त्यांचा उपयोग होतो. खासगी समुपदेशकाची फी आपल्याला परवडत नाही, हे खरे आहे. पण सरकारी जिल्हा रुग्णालयात मानसोपचार विभाग असतो, आणि १४४१६ हा केंद्र सरकारच्या 'टेलि-मानस' सेवेचा मोफत क्रमांक २०२२ पासून सुरू आहे. स्वतःला संपवण्याचे विचार येत असतील तर त्याच दिवशी कुणाला तरी सांगा आणि हा नंबर लावा. असा मित्र समोर असेल तर त्याला एकटे सोडू नका. मानसिक आरोग्य सेवा कायदा, २०१७ नुसार उपचार मिळणे हा हक्क आहे, आणि त्यात जातीवरून भेदभाव करता येणार नाही असे कलम १८ मध्ये स्पष्ट लिहिलेले आहे. एखाद्या समुपदेशकाने 'इतकं मनाला का लावून घेता?' असे विचारले तर, आमच्यातल्या एकाला विचारले गेले तसे, उठून दुसरा शोधा. उपचार मात्र सोडू नका.

एक कुरकुर इथेच नोंदवतो. अलीकडे वादात कुणी मुद्दा खोडला तरी 'मला ट्रिगर झालं' असे म्हणण्याची पद्धत पडते आहे. मतभेदाने येणारा राग म्हणजे धसका नव्हे. शब्द असा उधळला तर ज्या मुलीचे हात खरोखर गार पडतात तिच्यावर कुणी विश्वास ठेवणार नाही.

आता मूळ वादाकडे येतो. लेखाचा खर्डा वाचून आमच्याच एका सहकाऱ्याने आक्षेप घेतला: "फोटो दाखवायचे नाहीत, व्हिडिओ दाखवायचे नाहीत, मग जगाला कळणार कसं? खैरलांजी विसरलात?" आक्षेप हलका नाही. २९ सप्टेंबर २००६ ला भोतमांगे कुटुंबातल्या चौघांची हत्या झाली, आणि मोठ्या वर्तमानपत्रांना त्यामागची जात दिसायला किती दिवस लागले हे सर्वांना माहीत आहे. ते फोटो हातोहात फिरले नसते तर रस्त्यावर लोक उतरले असते का? कदाचित नसते. अमेरिकेतही हेच घडले होते. १९५५ साली मिसिसिपीत एमेट टिल या १४ वर्षांच्या काळ्या मुलाला ठार मारले, तेव्हा त्याच्या आईने, मेमी टिल यांनी, शिकागोत शवपेटी उघडी ठेवायला लावली. माझ्या मुलाचे काय केले ते जगाला बघू द्या, हा तिचा निर्णय होता. 'जेट' साप्ताहिकाने फोटो छापले आणि एक पिढी पेटून उठली.

पण यातला मुख्य शब्द 'तिचा निर्णय' हा आहे. आईने ठरवले. आणि दाखवायचे होते ते ज्यांना दिसत नव्हते त्यांना. आपण फॉरवर्ड करतो तेव्हा कुणी ठरवलेले असते? आणि ते जाते कुठे? आमच्या फोनवरचे ग्रुप आम्ही एकदा मोजले. सगळे ग्रुप आपलेच. ज्या माणसाने ते पाहायला हवे त्याच्यापर्यंत आपला फॉरवर्ड कधी पोहोचतच नाही. तो पोहोचतो खैरलांजी आधीच ठाऊक असलेल्या, अशा गोष्टी आईच्या कुशीत ऐकलेल्या पोरीपर्यंत, सकाळी साडेसातला, कॉलेजच्या बसमध्ये. पुरावा म्हणून व्हिडिओ जपा, वकिलाला द्या, तपास अधिकाऱ्याला द्या, पत्रकाराला द्या. घरच्यांनी होकार दिला तर जगापुढेही ठेवा, पण वर दोन ओळी लिहा की आत काय आहे, म्हणजे बघायचे की नाही हे ज्याचे त्याला ठरवता येईल. आपल्याच वस्तीत आपल्याच माणसांच्या प्रेतांची चित्रे सकाळ-संध्याकाळ फिरवण्याने जागृती होत नाही. धसका मात्र हळूहळू साऱ्या समाजाच्या अंगवळणी पडतो.

सत्यशोधन समित्यांचेही तेच. गावात अत्याचार झाला की पहिल्या आठवड्यात एकामागून एक पथके येतात, त्यांत आम्हीही असतो. प्रत्येक पथक त्या बाईला पहिल्यापासून सगळे सांगायला लावते, आणि शेवटी कुणीतरी तिच्याशेजारी बसून फोटो काढतो. एकदाच नीट जबाब घ्या, तिच्या संमतीने रेकॉर्ड करा आणि इतर संघटनांना तोच द्या. यासाठी संघटनांनी आपापसांतली चढाओढ सोडावी लागेल. आम्हाला वाटते, अडचण खरे तर तिथेच आहे.

कायदा या बाबतीत आपल्यापेक्षा पुढे गेला आहे, हे सांगताना जरा संकोच वाटतो. २०१५ ची दुरुस्ती २६ जानेवारी २०१६ पासून लागू झाली. तिच्यातली 'पीडित' या शब्दाची व्याख्या पाहा. शारीरिक आणि आर्थिक हानीसोबत मानसिक आणि भावनिक हानीही तिच्यात स्पष्ट घातलेली आहे, आणि नातेवाईकही पीडितांत धरलेले आहेत. म्हणजे पोत्यांमागे बसवलेली मुलगीही, गुन्हा नोंदला गेला असता तर, कायद्याच्या नजरेत पीडितच ठरली असती. तरीही जबाब लिहून घेताना जखमेचे टाके मोजले जातात, झोप उडाल्याचे कुणी लिहीत नाही. ते लिहायला लावा. कलम १५-अ मध्ये पीडित आणि साक्षीदारांना दहशतीपासून संरक्षण, प्रवासखर्च, पुनर्वसन, कामकाजाचे चित्रीकरण, आणि संस्था, सामाजिक कार्यकर्ते किंवा वकील यांची मदत घेण्याचा हक्क आहे. साक्षीच्या दिवशी कोर्टाच्या व्हरांड्यात आरोपीचे नातेवाईक समोरच्या बाकावर बसलेले असतात. त्या बाकासमोर तिला दोन तास एकटे बसवायचे नाही, हे काम कुठल्याही कार्यकर्त्याला करता येते. त्यासाठी वकिली यावी लागत नाही.

आणि जे हे सगळे पाहतात, लिहितात, गातात त्यांचे काय? 'आपली गाणी हीच आपली थेरपी' असे आपण मोठ्या अभिमानाने म्हणतो. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात गोळीबार झाला, दहा माणसे गेली. त्यानंतर चारच दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी स्वतःचे जीवन संपवले. एका माणसाच्या मृत्यूची कारणे एका ओळीत बसत नाहीत, ती आम्ही बसवणार नाही. पण ज्याच्या गाण्याने हजारो माणसे उभी राहिली त्याला त्या चार दिवसांत कोण विचारत होते, हा प्रश्न आमचा पिच्छा सोडत नाही. गाणे हवेच. गाणाऱ्याला कुणीतरी विचारणाराही हवा.

आम्ही काय बदलले ते सांगतो, फार काही नाही. वर्गात आता मारहाणीचे व्हिडिओ लावत नाही. खटल्याची कागदपत्रे वाचतो. काय वाचणार हे आदल्या दिवशी कळवतो, आणि दार उघडे ठेवतो. उठून जाणाऱ्याला कुणी कारण विचारत नाही. १ जानेवारीला, १४ एप्रिलला, ज्याच्या त्याच्या गावच्या वाईट तारखेला कोण कुणाला फोन करणार, हे आधी ठरवतो. ते ज्येष्ठ कार्यकर्ते अजून येतात. मागे एकदा चहा पिताना त्यांनी १९७८ सालातल्या एका रात्रीबद्दल दोन वाक्ये सांगितली आणि मग पावसाविषयी बोलू लागले. आम्ही पावसाविषयीच बोललो.

मागच्या महिन्यातल्या वर्गाला ती मुलगी दाराजवळच्या खुर्चीवर बसली होती. कलम १५-अ वाचायची पाळी तिची होती. तिचे निम्मे वाचून झाले आणि बाहेर कुणाची तरी गाडी फटफटत गेली. तिने कागद शेजारच्या मुलाच्या हातात दिला आणि बाहेर गेली. तो पुढे वाचू लागला. दहा-बारा मिनिटांनी ती तोंड धुऊन परत आली, खुर्चीवर बसली आणि त्याला विचारले, "कुठपर्यंत आलो?"

"पोटकलम दहा. चित्रीकरण."

"आण इकडं," ती म्हणाली.